गाळात दिलेली ओ

१२ एप्रिल, शुक्रवार

लिहायचं लिहायचं म्हणून आठवडा घालवला. राजशेखरसरांनी वही हातात देताना सांगितलं होतं की रोज दोन ओळी तरी लिही, कुठे कसला आवाज घेतला, कोण काय म्हणालं, पुढे फिल्मच्या जोडणीला लागतं. मी मान हलवली आणि वही उशाखाली सारली. एकदा लिहायला बसलो तर बाहेर गुलाबी पायाचे पक्षी उतरले होते, ते बघायला गेलो. एकदा पेन सापडलं नाही. एकदा सापडलं पण त्याच्या स्प्रिंगशी खेळत बसलो. आज लाइट गेलीय, सर आडवे झालेत, आणि इथल्या कुत्र्यालाही माझा कंटाळा आलाय, म्हणून हे.

मी बिभीषण, अकलूजचा. बारावीला इंग्रजीनं अडवलं, मग मी पण परत तिच्या वाटेला गेलो नाही. डेअरीत कॅन धुतले, द्राक्षाच्या गाडीवर नाशिकपर्यंत जाऊन आलो, लग्नाच्या शूटिंगला लाइट धरली. आई म्हणते ह्याच्या पायाला भिंगरी आहे. सर भेटले ते सोलापुरात एका लग्नात. घरात कन्नड, बाहेर मराठी आणि रागावले की दोन्ही एकदम, असा माणूस. म्हणाले, तुला हात न हलवता उभं राहता येतं, माझ्याबरोबर येतोस का आवाजाला? मी विचारलं, कुठे? ते म्हणाले, उजनीच्या पाण्याकडेला. पाणी म्हटल्यावर मी निघालो.

सरांची फिल्म वेगळीच आहे. हिरो नाही, गाणं नाही, कुणाला काही विचारायचं नाही. माणसं आहेत तशी, आपापल्या नावानं. उन्हाळ्यात धरणाचं पाणी मागे मागे सरकतं आणि केळी जगवायला एक घर त्याच्यामागे मोटार ओढत जातं, एवढीच गोष्ट. सर कॅमेरा धरतात, मी माइकची लांब काठी. घरच्यांना सरांनी पहिल्याच दिवशी हात जोडून सांगितलं, आम्ही इथे नाहीच असं समजा. तर तानामावशी म्हणाल्या, “न्हाय कसं? जेवाय तर बसताय की.”

घर म्हणजे पत्र्याच्या दोन खोल्या, पुढे शेड, शेडमध्ये आमच्या बाजा. रोज चिलापी माशाचं कालवण आणि ज्वारीची भाकरी. अशी नोकरी मला आयुष्यात मिळाली नव्हती. खूश आहे एकदम.

१४ एप्रिल, रविवार

आज घरातल्यांबद्दल लिहितो.

माणसाला सांगितलं की आहेस तसा राहा, की तो नेमका तसा राहत नाही. पहिल्या दिवशी तानामावशी जरीची साडी नेसून भाकरी थापायला बसल्या. हरिबातात्या, म्हणजे त्यांचे मालक, कॅमेरा बघून शेळीशी पुस्तकातलं बोलायला लागले, “अगं, इकडे ये बरे.” सून विजयमाला दारातनं म्हणाली, “मामंजी, शेळी भ्याली की.” सर हसले नाहीत. थांबायचं म्हणाले, तीन दिवसांत विसरतील. खरंच विसरले. आता तात्या कॅमेऱ्यासमोर शेळीला काय काय म्हणतात ते मी इथे लिहू शकत नाही.

एक गंमत म्हणजे शांतता. प्रत्येक सीन झाला की सर हात वर करतात, सगळ्यांनी जागच्या जागी गप्प उभं राहायचं आणि मी त्या जागेची नुसती शांतता भरून घ्यायची. जोडणीत दोन तुकड्यांच्या मध्ये घालायला लागते म्हणे. प्रत्येक जागेची शांतता वेगळी असते. मी हेडफोन लावतो. तानामावशी श्वास असा कोंडून धरतात की वाटतं आता पडतील. परवा तात्यांच्या पोटात गुडगुडलं आणि सगळी शांतता वाया गेली.

ह्या घरात आणखी एक माणूस होता. सिदू, ह्यांचा मुलगा, विजयमालाचा नवरा. गेल्या उन्हाळ्यात मोटार सरकवताना गाळात गेला. सापडला नाही. त्याच्या फोटोला हार नाही, दिवस घातलेले नाहीत, कारण तानामावशी म्हणतात सापडलाच नाही तर कशाचं? विजयमालाच्या गळ्यात मंगळसूत्र आहे. आकितीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, तिचा भाऊ सांगोल्याहून न्यायला येणार, कायमचं. हे तिनं मला भांडी घासताना सांगितलं आणि वर म्हणाली, हे तुमच्या काठीला सांगू नका.

मोटार सरकवणं मला वाटलं होतं तेवढं सोपं नाही. पाणी जिथे होतं तिथे आता काळा गाळ. वरनं वाळून भेगाळलेला, पाय टाकला की आत लोणी. एकानं पाइपाच्या तोंडाचा जड फुटवॉल खांद्यावर घेऊन त्या गाळातनं पाण्यापर्यंत जायचं. मध्ये उंच गवत, माणूस दिसत नाही. म्हणून इथली रीत अशी की काठावरच्यानं आत गेलेल्याला नावानं हाक मारत राहायची आणि त्यानं प्रत्येक हाकेला ओ द्यायची. ओ कुठनं येते, कशी येते, त्यावरनं काठावरच्याला कळतं किती आत आहे, किती खोल आहे. सिदूला नेहमी तानामावशीच हाक मारायच्या. त्या दिवशी ओ यायची थांबली. बायकांनी त्यांना धरून घरी आणलं तेव्हाही त्या हाक मारतच होत्या, असं विजयमाला म्हणाली.

१७ एप्रिल, बुधवार

हात अजून दुखतोय पण आज लिहिणारच.

पाणी परत मागे गेलं, मोटार हवा ओढायला लागली. सिदूनंतर शेजारचा बिरप्पा गाळात उतरतो, पण तो लग्नाला गेलाय. केळीची पानं दुपारी मिटायला लागली होती. तात्यांनी धोतर खोचलं आणि स्वतःच निघाले. त्यांचे गुडघे मी रोज ऐकतो, माइकमध्ये कटकटतात. सरांचा नियम पक्का, काही झालं तरी मध्ये पडायचं नाही. मी बघितलं, सर कॅमेऱ्याच्या मागे, तात्यांचा पाय पहिल्याच पावलाला पोटरीपर्यंत. मी काठी शेडच्या खांबाला टेकवली, पँट वर केली आणि गेलो. माइक चालूच राहिला.

सर ओरडले नाहीत. कॅमेरा माझ्याकडे वळला.

आधी मजा आली. गाळ गार असतो, बोटांच्या मधनं वर येतो. मागनं तानामावशी हाक मारत होत्या, “पाव्हणं!” आणि मी ओ देत होतो. मोठ्यानं, जरा नाटक करून. मग गवत लागलं. काठ दिसेनासा झाला. फुटवॉल खांद्यात रुतत होता आणि गाळ मांडीपर्यंत आला. पाय उपसायला जोर लावला की दुसरा पाय आणखी खाली जायचा. तेवढ्यात हाक आली.

“सिदूऽऽ!”

सवयीनं आली असणार. तीच जागा, तेच काम. त्यानंतर काठावर एकदम सगळं गप्प झालं, मला आतपर्यंत कळलं ते. मला दिसत काही नव्हतं पण माहीत होतं की मावशी तोंडावर पदर धरून उभ्या आहेत. मला गप्प बसता आलं असतं. माझं नाव बिभीषण आहे, असं ओरडता आलं असतं.

मी ओ दिली.

मग त्यांनी परत हाक मारली. परत तेच नाव. मी परत ओ दिली. पाण्याला पोचेपर्यंत देत राहिलो. फुटवॉल बुडाला, तात्यांनी स्टार्टर दाबला, पाइप फुगला. बाहेर आलो तर तानामावशी माझे पाय बादलीतल्या पाण्यानं स्वतः धूत बसल्या. मी नको नको म्हणत होतो. त्या नुसत्या धूत होत्या, बोटांच्या बेचक्यातनंसुद्धा.

सर मला बाजूला घेऊन म्हणाले, नियम मोडलास पण फिल्म इथेच संपते, ह्याच्या पुढे काही नाही. त्यांचे डोळे ओले होते. विजयमाला मात्र माझ्याशी बोलली नाही.

१८ एप्रिल, गुरुवार

सकाळी आवाज ऐकत बसलो. खांबाला टेकवलेल्या माइकनं सगळं पकडलंय. पाव्हणं, ओ. पाव्हणं, ओ. मग सिदू, आणि माझी ओ. दुसऱ्यांदा सिदू.

तिथे दोन ओ आहेत.

एक माझी, दमलेली. तिच्या मागनं दुसरी. पाण्याच्या बाजूनं, खालनं, तोंडात काहीतरी भरल्यासारखी. सरांना ऐकवली. म्हणाले घुमला असेल आवाज. कशावर घुमणार? इथे डोंगर नाही, भिंत नाही, सपाट गाळ आहे. सर म्हणाले, मग दुसरा कुणीतरी कोळी असेल. असेल.

सकाळच्या भाकरीच्या सीननंतर शांतता भरायला उभे राहिलो. तानामावशी, तात्या, विजयमाला, सर, मी. हेडफोनमध्ये आता मला प्रत्येकाचा श्वास ओळखता येतो. आज एक जास्त होता. दारापाशी. ओला.

मी हेडफोन काढले. सर ओरडले, अर्धवट राहिलं म्हणून.

२० एप्रिल, शनिवार

माझे कपडे गाळानं गेले ते गेलेच, दोनदा धुऊन काळेच. मावशींनी पेटीतनं शर्ट काढून दिला. निळा, चौकड्याचा. कुणाचा ते विचारलं नाही. बाह्यासुद्धा बरोबर बसल्या.

खरं सांगायचं तर मला बरं वाटतंय. मावशी माझ्या डोक्याला तेल लावतात. जेवायला हाक मारतात आणि मी जाईपर्यंत ताटाला हात लावत नाहीत. काल त्या मोठ्यानं हसल्या, तर तात्या शेडमधनं बघायला आले, कोण हसलं म्हणून. कुणी मला जेवायला हाक मारून किती दिवस झाले असतील? चूक आईची नाही. मी घरी असतो कुठे? मी फोनसुद्धा करत नाही, राहून जातो.

हाक मात्र त्या सिदू म्हणून मारतात. मी एकदा हळूच म्हटलं, मावशी, मी बिभीषण. त्या म्हणाल्या, “व्हय रं लेकरा, खा तू.”

विजयमालानं आज विहिरीपाशी गाठलं. तिच्या बोलण्यात नेहमी चेष्टा असते, आज नव्हती. म्हणाली, “तुमाला कुणी सांगितलं हुतं ओ द्यायला?” मी म्हटलं, वाईट वाटलं, म्हणून दिली. ती म्हणाली, वाईट मला वाटत न्हाय व्हय? तिनं सांगितलं की गाळात उतरलेल्यानं फक्त स्वतःच्या नावाला ओ द्यायची. हाकेनं माणूस काठाला बांधलेला असतो. दुसऱ्याच्या हाकेला ओ दिली की आपली दोरी त्याच्या हातात जाते, आणि त्याची आपल्या. मी म्हटलं, असं कुठे असतं? ती म्हणाली, “आत्याबाई म्हणाल्या, आता आकितीला जायाचं कशाला, तुजा नवरा आलाय की. कळलं का पाव्हणं? त्या तुमाला तेल लावत्यात. मला कुंकू लाव म्हणत्यात.”

 सोमवारी सर निघणार आहेत, त्यांच्याबरोबर मी पण जाईन, मग मावशी विसरतील, असं मी म्हणालो.

ती घागर उचलून म्हणाली, “जावा. पर जाताना आपलं नाव घेऊन जावा.”

२२ एप्रिल, सोमवार

सर गेले. मला सोडून गेले.

सकाळी सामान बांधून झालं होतं. तात्यांनी मला वरच्या केळीत पाठवलं, सरांना द्यायला एक घड तोडून आण म्हणून. गेलो. वाटेत मुंगसाची पिल्लं दिसली, थोडा वेळ तिथे गेला, पण फार नाही. घड खांद्यावर घेऊन आलो तर गाडी नाही. माझी बॅग नाही. बॅगेत मोबाइल. ही वही उशाखाली होती म्हणून राहिली.

मी तात्यांना विचारलं, सर असे कसे गेले? ते म्हणाले, लई वेळ थांबलं, मग पाव्हणं येऊन गाडीत बसलं आणि गेलं. कुठलं पाव्हणं? तात्या म्हणाले, “बिभीषण की.”

मी म्हटलं, तात्या, बिभीषण मी. तात्यांनी माझ्याकडे बघितलं. चेष्टा करणारा माणूस कसा बघतो ते मला माहीत आहे. तसं नव्हतं ते. ते शांत होते, फार शांत. म्हणाले घड खाली ठेव, खांदा दुखंल.

मावशी आतनं म्हणाल्या, ऊन लागलं लेकराला.

२३ एप्रिल, मंगळवार

विजयमालाच्या फोनवरनं सरांना फोन लावला. त्यांचा नंबर तिच्याकडे होता.

सर प्रेमानं बोलले. म्हणाले, फिल्मच्या शेवटी नावं टाकतोय. जो माणूस दिसतो तो आपल्या खऱ्या नावानं, तीच तर आपली पद्धत. हरिबा, तानाबाई, विजयमाला, सिदू. मी म्हटलं, सर, सिदू कुठे आहे फिल्ममध्ये? ते म्हणाले, अरे तूच की, गाळातला सीन. मी म्हटलं, सर, मी बिभीषण बोलतोय. ते मग हसले. म्हणाले, बिभीषणला मीच टेंभुर्णीला अकलूजच्या एसटीत बसवून दिलं. वाटेत एक शब्द बोलला नाही, एरवी तोंड बंद नसतं त्याचं. सीट सगळी ओली केली त्यानं.

फोन विजयमालानं घेतला. तिनं सांगितलं, सर, ह्यो तुमचा बिभीषणच हाय. सर तिला म्हणाले, ताई, तुमचं दुःख मला कळतं.

ती फोन ठेवून चुलीपाशी बसून राहिली. चूल पेटवलेली नव्हती.

२५ एप्रिल, गुरुवार

आईचा नंबर मला पाठ आहे. एकच नंबर पाठ आहे. काल लावायचं धाडस झालं नाही. आज लावला.

म्हटलं आई. ती म्हणाली, कोण बोलतंय? म्हटलं मी, बिभीषण. ती म्हणाली, आमचा बिभीषण हितंच हाय की घरात. तुमी कोण?

मी काय काय सांगितलं. डेअरीच्या मागची आमची खोली, माझ्या हनुवटीवरचा व्रण, लहानपणी उसाच्या ट्रॉलीतनं पडलो ते. ती ऐकत होती. शेवटी म्हणाली, बाबा, तू त्याचा मित्र हायस का? मग त्याला काय झालंय तेवढं सांग. आल्यापासनं भिताडाकडं तोंड करून बसतोय. मी हाक मारली की ओ देतोय, दुसरं काय बोलत न्हाय. कितीबी आंघोळ घातली तरी पायाचा गाळ जात न्हाय.

मग ती रडायला लागली. म्हणाली, कधी नव्हे ते पोरगं घरात थांबलंय, आणि मी—

मी फोन ठेवला. ती माझ्यासाठीच रडत होती आणि मी फोन ठेवला.

२६ एप्रिल, शुक्रवार

निघालो. मावशींना न सांगता. फाट्यापर्यंत चालत गेलो. झाडाखाली एक म्हातारा बसला होता, बिडी ओढत. विचारलं, कुठल्या गावचा रं पोरा?

मी ह्या गावाचं नाव सांगितलं. कुणाचा? तर हरिबाचा.

तोंडातनं आपोआप. अकलूज म्हणायचं होतं. अकलूज अकलूज अकलूज, आता लिहिताना येतंय. म्हातारा म्हणाला, मग एसटीनं कुठं निघालास, घरला जा, आई वाट बघत असंल. एसटी आली. थांबली. मी चढलो नाही. पाय वळले.

मावशी वाटेवरच उभ्या होत्या. अनवाणी. त्यांनी माझा हात धरला आणि पदरानं माझा घाम पुसला. मला रडू आलं. त्या पण रडल्या. दोघं कशासाठी रडतोय ते वेगवेगळं होतं, पण वाटेवरनं जाणाऱ्या कुणाला ते कळलं नसतं.

२८ एप्रिल, रविवार

स्टार्टरची चावी पत्र्याच्या कडेला खोचलेली असते. मला कुणी सांगितलं नाही. हात गेला.

अकलूजला शाळा कुठली होती? मैदान आठवतं, फाटक आठवतं. नाव—

विजयमाला रोज दिवे लागायला मला माझ्या नावानं हाक मारते, लांब उभी राहून. मी ओ द्यायची. तिनंच काढलंय हे. आज तिनं हाक मारली, बिभीषण, आणि मी मागे वळून बघितलं, कुणाला हाक मारतेय म्हणून.

ती खाली बसली. म्हणाली, असं करू नका हो. मी काय करू मग? हितं परक्या माणसाचं कुंकू लावून जलम काढू?

तिचा भाऊ येणार नाही. तात्यांनी सांगोल्याला निरोप पाठवला, जावई घरी आले म्हणून. तिकडे पेढे वाटले.

२९ एप्रिल, सोमवार

ठरलंय. उद्या सकाळी. बिरप्पाही नको, तात्याही नको. मी गाळात उतरणार, त्याच वाटेनं, गवताच्या पलीकडे. ती काठावरनं माझ्या नावानं हाक मारणार. मी ओ देणार. जिथे दोरी गेली तिथेच ती परत घ्यायची. एवढंच तिला सुचतंय. मला तर तेवढंही नाही.

ती म्हणाली, ओ नाही आली तर मी आत येईन. म्हटलं नको. ती म्हणाली, गेल्या उन्हाळ्यात पण सगळे नकोच म्हणाले होते.

मावशींनी आज पुरण घातलं. का ते सांगितलं नाही. मी खाल्लं. वाईट वाटतंय. त्यांना परत एकदा तेच—

नाव लिहून ठेवतो. बिभीषण. बिभीषण. तळव्यावर पण लिहिलं पेननं. घामानं—

३० एप्रिल, मंगळवार

उजाडलं. पँट वर केलीय. शेडमध्ये बसलोय, ती खूण करेल तेव्हा निघायचं. मावशी अंगण झाडतायत. गुणगुणतायत.

गाडीचा आवाज. रिक्षा असावी. इतक्या सकाळी—

विजयमाला आली. धावत. तोंड पांढरं पडलंय. म्हणाली पाव्हणं, तुमची आई आलीया. अकलूजनं.

आई. इथे. फोनवरनं कळलं असणार तिला, माझा आवाज— आई आहे ती, तिला कळणारच. मी उठलो तर विजयमालानं दंड धरला. म्हणाली, एकट्या न्हाईत त्या. म्हटलं, कोण आहे बरोबर?

म्हणाली, तुमीच. तुमीच हाताला धरून उतरवताय त्यांना.

पत्र्याच्या फटीतनं बघतोय. आई वाळलीय. शेजारी तो. माझा शर्ट, माझी बॅग. माझी हनुवटी. पाय काळे, गुडघ्यापर्यंत. आईला सांगतोय वाटतं काहीतरी, इकडे बोट करून. त्यानंच आणलंय तिला. तो आईकडे बघत नाही. शेडकडे बघत नाही. फक्त तानामावशींकडे. पाण्याकडे बघावं तसा. आता तो पुढे आला. त्यांच्या अगदी पुढ्यात. ओठ हलतायत—

मावशींनी डोक्यावर पदर घेतला. म्हणाल्या, या पाव्हणं, बसा, पाणी आणते.

तो तसाच उभा. हात अर्धे पुढे आलेले. तसेच.

आई अंगणात चौफेर बघतेय. तिला काय वाटलं कोण जाणे— इकडे तोंड केलं. हाक मारली. माझंच नाव, पूर्ण. मी तोंड उघडलं आणि माझ्या आधी त्याची ओ—